मागचा आवाज

गुदैबियात, शिंप्याच्या दुकानावर तिसरा मजला.
खिडकीला चंदेरी कागद.
दुपार आहे की रात्र, ते मला
खालच्या मशीनच्या घरघरीवरून कळतं.

मराठीत या कामाला संकलन म्हणतात,
म्हणजे गोळा करणं.
इथे म्हणतात मोंताज.
खरं तर मी टाकून देते,
एकेचाळीस तासांतले चाळीस.
तांदूळ निवडावेत तसं, फक्त उलट:
पुष्कळदा खडाच ठेवायचा असतो.

सुरुवात साताऱ्यातली. दोन व्हीसीआर, लग्नांच्या कॅसेटी.
नवरीची मावशी कापली गेली म्हणून
एकदा सगळे पैसे बुडाले.
तेव्हापासून ठाऊक आहे,
कापलेलं माणूस विचारायला येतं.

मग नवऱ्याची अ‍ॅल्युमिनियमच्या कारखान्यातली नोकरी, म्हणून मनामा.
उस्ताद तिजानींच्या हाताखाली सहा वर्षं.
सुदानी, जाड चष्मा, चहात साखर तीन चमचे;
रागावले की माझ्या खुर्चीमागे उभं राहून नुसते खोकायचे.
शिकवलं एवढंच:
माणूस बोलायचं थांबला की लगेच कापू नकोस, बद्मजा.
तीन श्वास मोज.

अरबीत प नाही, च नाही.
श्रेयनामावलीत मी, पद्मजा चोपडे,
सव्वीस वर्षं बद्मजा तशोबदे आहे.

आताची फिल्म मुहर्रकच्या एका नहामवर.
मोत्यांच्या गलबतावर जो गायचा
आणि बाकीचे वल्ही ओढायचे, तो नहाम.
बू जुमा, नव्वदीचा. गोदीत खुर्ची टाकून बसवलाय.
हिस्सा विचारते, दिग्दर्शक, माझ्या मुलीच्या वयाची:
शेवटचं कधी गायलात?
तो तोंड उघडतो
आणि मिटतो.
एकोणीस सेकंद.

मी तीन श्वास मोजले. मग आणखी तीन.
आणि मागे, फ्रेमच्या बाहेर,
कुणीतरी फोनवर:
आये, जेवलो गो. व्हय. मासं होतं आज.

ध्वनीच्या तक्त्यात लिहिलंय, गोंगाट.
भाषांतरकारानं ओळ रिकामी सोडलीय.

मी शोधलाच त्याला.
क्लिप तीनशे सत्तेचाळीस, दुसरा कॅमेरा,
बंद करायचा राहिला म्हणून झालेला शॉट:
गलबताच्या पोटाखाली सावली,
हात कोपरापर्यंत निळ्या रंगात,
काळ्या चहात बुडवलेला खुब्जचा तुकडा.
तो तुकडा खाली ठेवतो. हात पुसतो. नंबर लावतो.
म्हणतो, आये.
शॉट तिथे संपतो.

दोन्ही शेजारी लावून पाहिले.
आधी खुब्ज, मग मासं.
एका फ्रेमचीही फट नाही.
असा कट आयुष्यात एकदा हाताला लागतो.
हिस्सा खुर्चीतून उठली असती. महोत्सवात लोकांनी श्वास रोखला असता.
आणि दाभोळकडच्या कुठल्यातरी पडवीत,
कधीतरी, शेजारच्या पोराच्या फोनवर,
एका म्हातारीला कळलं असतं
की मासं नव्हतं.

कंट्रोल झेड.

एकोणीस सेकंदांसाठी मात्र भांडले. दोन दिवस.
शेवटी हिस्सा म्हणाली, बरं, ठेव,
पण मागचा आवाज साफ करशील ना?
म्हटलं, करते.
सहा डेसिबल उतरवला. पुसला नाही.
बू जुमाच्या गप्प बसण्याखाली तो अजून आहे,
कल्हईखाली तांबं असतं तसा.

पहिल्या खेळाला सभागृह भरलं होतं.
त्या जागी कुणी खोकलंसुद्धा नाही.
सगळ्या अंधारात मराठी कळणारी माणसं दोन,
त्यातला माझा नवरा झोपला होता.

डिस्कवर सगळे शॉट आकड्यांनी आहेत.
एकाच क्लिपला मी नाव दिलंय: मासं.
फिल्ममध्ये ती नाही.

सोमवारपासून खजुराच्या बाजाराचं काम.
बावन्न तास आलेत.